शाहीर कुणाचा? पसरणीचे कृष्णराव साबळे आणि त्यांची ‘पार्टी’

१/
महाराष्ट्राचे राज्यगीत १ मिनिट ४१ सेकंदांत संपते. ‘जय जय महाराष्ट्र माझा’ या गीताला शासनाने १९ फेब्रुवारी २०२३ पासून, म्हणजे शिवजयंतीच्या मुहूर्तावर, हा मान दिला. मूळ गीतातील दोनच चरण त्यासाठी निवडले गेले. शब्द राजा बढे यांचे, चाल श्रीनिवास खळे यांची आणि आवाज शाहीर कृष्णराव साबळे यांचा. शासकीय समारंभात आज सारे सावधान उभे राहून हे गीत ऐकतात. या आवाजाच्या धन्याने मात्र आयुष्यातील उमेदीची वर्षे लोकांना सत्तेवर हसायला लावण्यात घालवली होती. हा विरोधाभास कसा जुळून आला? शाहीर नेमका कुणाचा असतो: दरबाराचा, चळवळीचा, पक्षाचा, सरकारचा, की समोर घोंगडीवर बसलेल्या माणसांचा? साबळे यांची कारकीर्द म्हणजे या प्रश्नाचा पाऊणशे वर्षांचा प्रवास आहे.

२/
कृष्णराव गणपतराव साबळे यांचा जन्म ३ सप्टेंबर १९२३ रोजी वाई तालुक्यातील पसरणी येथे झाला. वाईहून पाचगणीकडे चढणाऱ्या घाटाला याच गावाचे नाव आहे. त्या काळचा सातारा जिल्हा आजच्यापेक्षा बराच मोठा होता. वाळवा, तासगाव, खानापूर हे तालुके त्यातच मोडत. १९४९ मध्ये त्याचे विभाजन होऊन दक्षिण सातारा जिल्हा झाला आणि १९६० मध्ये त्याला सांगली हे नाव मिळाले. त्यामुळे आज सातारा आणि सांगली अशी दोन नावे दिसली, तरी साबळे यांच्या बालपणी कृष्णाकाठचा हा बहुतेक मुलूख एकाच जिल्ह्याचा होता. मध्ये विखुरलेली सांगली, मिरज, औंध, जत अशी संस्थाने तेवढी वेगळी.

३/
या मुलखात गाण्या-बोलण्याचे अनेक झरे एकत्र येत होते. संस्थानी सांगलीत १८४३ मध्ये विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले. वाळवा तालुक्यातील रेठरे हरणाक्षच्या श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी या तरुणाने कुलकर्णीपद आणि ब्राह्मण्य दोन्ही बाजूला ठेवून तमाशाचा फड धरला आणि तो पठ्ठे बापूराव झाला. सांगलीजवळच्या कवलापूरने शिवा-संभा आणि पुढे काळू-बाळू यांचे फड दिले. गावोगाव सत्यशोधक जलसे होत आणि त्यांत भटशाही-सावकारीवर कोरडे ओढले जात. नाटक, तमाशा, जलसा आणि वारकऱ्यांचे भजन हे चार प्रवाह पसरणीसारख्या गावातील मुलाच्या कानावर वेगवेगळे करून पडत नव्हते.

४/
‘शाहीर कुणाचा’ हा प्रश्न मराठीत जुनाच आहे. अफजलखानाच्या वधावरील अज्ञानदासाचा (अगिनदासाचा) पोवाडा हा आद्य पोवाड्यांपैकी एक मानला जातो. पुढे पेशवाईत राम जोशी, अनंत फंदी, होनाजी, प्रभाकर यांच्या रचना वाढल्या त्या बऱ्याच अंशी सरदार-दरकदारांच्या आश्रयावर. आश्रयदात्याची स्तुती हा त्या व्यवहाराचाच भाग होता. १८६९ मध्ये जोतीराव फुले यांनी शिवाजी महाराजांवर पोवाडा लिहिला आणि या आकृतिबंधाचे तोंड फिरवले. आश्रयदाता नाहीसा झाला आणि त्याच्या जागी शेतकरी श्रोता आला. विसाव्या शतकातील प्रत्येक शाहिराला मग या दोन वाटांपैकी एक निवडावी लागली, किंवा दोन्हींवर तोल सांभाळत चालावे लागले.

५/
साबळे यांच्या घरी भजनाची परंपरा होती. वडील भजन गात, मुलगा बासरी वाजवी. शिक्षणासाठी तो खानदेशात अमळनेरला आजोळी गेला. शाळा सातवीच्या आसपासच सुटली. पण अमळनेरने त्याला दुसरे काही दिले. तेथे त्याचा साने गुरुजींशी संबंध आला. गुरुजी आधी अमळनेरच्या हायस्कुलात शिक्षक होते आणि त्या वेळेपर्यंत खानदेशातील शेतकरी-कामगारांचे नेते झाले होते. गाणे हे लोकांना जागे करण्याचे साधन आहे, हा विचार साबळे यांना पोथीतून मिळालेला नाही. सभेपूर्वी गर्दी जमवायची, भाषण सुरू होण्याआधी लोकांची मने एका तालावर आणायची, हे काम त्यांनी प्रत्यक्ष केले.

६/
पुढे ते साताऱ्याकडे परतले तेव्हा १९४२ चे आंदोलन पेटले होते. जिल्ह्यात त्याने लवकरच वेगळे रूप घेतले. येडेमच्छिंद्रचे क्रांतिसिंह नाना पाटील आणि त्यांच्या साथीदारांनी प्रतिसरकार उभारले. कुंडल हे त्याचे एक मोठे केंद्र होते. न्यायनिवाडे, कमी खर्चातले विवाह, तुफान सेना अशी त्याची कामे होती. वर्तमानपत्र जिथे पोचत नव्हते आणि पोचले तरी वाचता येणारे थोडे होते, तिथे बातमी पोचवण्याचे काम पोवाडा करी. शाहीर शंकरराव निकम हे या चळवळीतील मोठे नाव. त्यांच्या सहवासात साबळे यांच्या गळ्याला शाहिरीचे वळण लागले.

७/
याच वळणाची एक खूण पसरणीतच आहे. गावाचे ग्रामदैवत भैरवनाथ. त्याचे मंदिर अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना खुले व्हावे यासाठी झालेल्या कामात साबळे यांचा पुढाकार होता आणि साने गुरुजींसारखी माणसे त्याच्या पाठीशी होती. १९४७ च्या मे महिन्यात गुरुजींनी पंढरपूरच्या विठ्ठल मंदिरासाठी प्राणांतिक उपोषण केले, त्याच लाटेचा हा गावपातळीवरचा भाग होय. दूरच्या सरकारविरुद्ध गाणे सोपे असते. स्वतःच्या भावकीसमोर, स्वतःच्या देवळाच्या दारात उभे राहून बोलणे अवघड. साबळे यांच्या पुढील विनोदाला जी धार आली, तिची सुरुवात अशा जवळच्या भांडणातून झाली.

८/
चाळीसच्या दशकातच ते मुंबईला आले. सातारा जिल्ह्यातील तरुणासाठी मुंबई म्हणजे प्रथमतः गिरणगाव. परळ, लालबाग, वरळी, डिलाईल रोड येथील चाळींत घाटावरची आणि कोकणातली माणसे गावनिहाय खोल्या करून राहत. एका खोलीत दहा-पंधरा जण, पाळीनुसार झोपायची जागा आणि खाणावळीतले जेवण. बायका-मुले गावी. या माणसांना संध्याकाळी हवे होते ते गावाकडचे गाणे. पण गावाकडच्या गाण्यात गिरणीचा भोंगा, महागाई आणि घरमालक नव्हता. ही उणीव ज्यांनी ओळखली त्यांनी मराठी शाहिरीला नवे आयुष्य दिले.

९/
ती सर्वांत आधी ओळखणाऱ्यांत वाळवा तालुक्यातील वाटेगावचे अण्णा भाऊ साठे होते. १९४४ मध्ये त्यांनी अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथक उभे केले. त्याच्या आदल्या वर्षी मुंबईत इप्टा ही जननाट्य चळवळ सुरू झाली होती. अण्णा भाऊ साबळे यांच्यापेक्षा तीन वर्षांनी मोठे, दोघेही जुन्या सातारा जिल्ह्यातले आणि दोघांचा श्रोताही एकच. वाटा मात्र निराळ्या. अण्णा भाऊंचे कलापथक कम्युनिस्ट पक्षाच्या कार्यक्रमाशी बांधलेले होते. साबळे साने गुरुजींच्या संस्कारातून आले होते आणि त्यांनी एका पक्षाची शिस्त कायमची स्वीकारली नाही. त्यामुळे मोकळेपण मिळाले. पण पाठीशी संघटना नसल्याने प्रत्येक प्रयोगाचे पैसे स्वतःच उभे करण्याची जोखीमही आली.

१०/
त्यांच्या संचाचे नाव ‘शाहीर साबळे आणि पार्टी’. यातील ‘पार्टी’ राजकीय नव्हे. आज ज्याला बँड म्हणतात, त्याला त्या काळचा मराठी माणूस पार्टी म्हणे. मुख्य शाहीर मध्यभागी, हाती डफ. मागे झीलकरी. ते ध्रुवपद उचलतात आणि ‘जी जी’ करून शाहिराला श्वास घ्यायला अवधी देतात. जोडीला ढोलकी, तुणतुणे, झांज आणि पेटी. झीलकऱ्याचे काम वरवर दुय्यम वाटते. पण पोवाड्याचा कणा तोच असतो. शाहीर प्रसंग सांगत पुढे धावतो आणि झीलकरी श्रोत्यांच्या वतीने होकार भरतात. रंगमंचावर श्रोत्यांचा एक प्रतिनिधी कायम उभा असतो, असे म्हटले तरी चालेल. हे ध्यानात घेतल्यावाचून साबळे यांच्या पुढील प्रयोगांचा अर्थ लागत नाही.

११/
मग आली ध्वनिमुद्रिका. ७८ फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूला साधारण तीन-साडेतीन मिनिटे मावत. गावच्या चावडीपुढे तासभर चालणारा पोवाडा या मापात बसवायचा म्हणजे नमन गेले, पाल्हाळ गेले, मध्येच थांबून एखाद्या श्रोत्याला चिमटा काढणे गेले. उरली ती चाल, ठेका आणि आवाजाची फेक. पुष्कळ लोककलावंतांचा गळा या सापळ्यात गुदमरला. साबळे यांनी तंत्र ओळखले: तबकडीसाठी छोटे, बांधीव लोकगीत आणि मैदानासाठी लांबलचक, सैल खेळ. लोकगीते, भारुडे, कोळीगीते आणि जेजुरीच्या जागराची गाणी त्यांच्या आवाजात ग्रामोफोन आणि आकाशवाणीवरून घरोघर गेली. एकनाथांचे ‘विंचू चावला’ हे भारूड आज बहुतेकांच्या कानात आहे ते त्यांच्याच ढंगात.

१२/
मैदानावरील खेळासमोर वेगळीच अडचण होती. स्वातंत्र्यानंतर लगेचच बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळाने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी घातली. फडमालकांनी विनवण्या केल्या, चौकशी झाली आणि बंदी उठली. परंतु वगाची संहिता तपासून घेण्याची अट आली. तमाशाचा प्राणच उत्स्फूर्त बतावणीत असतो, तो आधी कागदावर लिहून सरकारला दाखवायचा! याच काळात शहरी आणि चळवळीतील मंडळींनी तमाशाचे ‘लोकनाट्य’ असे नवे बारसे केले. नावाबरोबर प्रतिष्ठा आली. पिढ्यान्‌पिढ्या नाचत-गात आलेल्या स्त्रिया आणि त्यांच्या जाती मात्र या प्रतिष्ठेच्या बाहेरच राहिल्या, हेही नोंदवले पाहिजे.

१३/
१ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले. पहिले मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण हे देवराष्ट्रे या गावचे, म्हणजे याच कृष्णाखोऱ्यातले. राज्यनिर्मितीच्या त्या पर्वात ‘जय जय महाराष्ट्र माझा’ साबळे यांच्या आवाजात घुमले. या गीताच्या जडणघडणीकडे नीट पाहावे. राजा बढे नागपूरचे, विदर्भातले. श्रीनिवास खळे वाढले आणि संगीत शिकले बडोद्यात, मराठी राजवटीच्या पण गुजराती भाषेच्या शहरात. साबळे सातारचे. नवे राज्य भाषेच्या धाग्याने जे प्रदेश जोडू पाहत होते, ते या गीतात आधीच एकत्र आले होते. गीतात नद्यांची नावे येतात, त्यांत कृष्णा आणि कोयना आहेत. त्या दोघी कऱ्हाडला मिळतात. पसरणीहून निघालेले पाणीही कृष्णेतूनच तिथे पोचते.

१४/
चालीतही एक शहाणपण आहे. खळे भावगीताचे संगीतकार. त्यांच्या चाली गळ्याची परीक्षा घेणाऱ्या असतात. या गीतासाठी त्यांनी शाहिरी आवाज निवडला आणि कोरसला जवळजवळ मुख्य गायकाइतकीच जागा दिली. एक आवाज हाक देतो, समूह ती उचलतो. ही रचना झीलकऱ्यांच्या परंपरेशी सरळ जाऊन भिडते. म्हणूनच शाळेच्या मैदानावर, वरातीत किंवा मोर्च्यात गायनाचे कोणतेही शिक्षण नसलेली शंभर माणसे ते सहज म्हणू शकतात. गीत टिकण्यामागे देशाभिमान आहेच. परंतु ते म्हणायला सोपे आहे, हे कारणही तितकेच खरे.

१५/
ज्या वर्षी हा आवाज नव्या राज्याचे स्तोत्र गात होता, त्याच वर्षी, १९६० मध्ये, तोच आवाज राज्यकर्त्यांची टिंगल करणारा खेळही मांडत होता: ‘यमराज्यात एक रात्र’. या प्रकाराला ‘मुक्तनाट्य’ हे नाव मिळाले. राज्य मिळाले म्हणून शाहिराने डफ खाली ठेवला नाही. आता आपलेच लोक खुर्चीवर आहेत तर जाब विचारायला भाषेचीही अडचण उरली नाही, अशी ती भूमिका होती. साबळे यांच्या कारकिर्दीतील हे वर्ष सर्वांत महत्त्वाचे मानावे लागते. स्तुती आणि टीका या दोन्ही गोष्टी एकाच गळ्यातून, एकाच वेळी आणि एकाच श्रोत्यांसाठी निघाल्या.

१६/
मुक्तनाट्य चालते कसे? तमाशात गण, गौळण, बतावणी आणि वग असा क्रम असतो. साबळे यांनी त्यातील मोकळेपणा घेतला आणि क्रमाचे बंधन सैल केले. नेपथ्य जवळजवळ नाही. शाहीर स्वतः सूत्रधार. तो गातो, मध्येच पात्र होतो, पुन्हा प्रेक्षकांकडे वळून बोलतो. पुराणातील चौकट घ्यायची आणि तिच्या आत आजचे बोलायचे. इंद्राचा दरबार म्हटला की प्रेक्षकांना कोणता दरबार अभिप्रेत आहे ते कळते. कालच्या वर्तमानपत्रातील बातमी आजच्या प्रयोगात येऊ शकते. ‘इंद्राच्या दरबारात तमाशा’, ‘कोंडू हवालदार’, ‘बापाचा बाप’ ही शीर्षकेच या खेळांचा तिखटपणा सांगतात.

१७/
या साऱ्यांत सर्वाधिक परिणाम झाला तो ‘आंधळं दळतंय’ या मुक्तनाट्याचा. आंधळं दळतंय आणि कुत्रं पीठ खातंय, ही म्हण गावात आळशी कारभारासाठी वापरतात. साबळे यांनी ती मुंबईला लावली. घाम गाळतो मराठी माणूस आणि पीठ भलत्याच्याच पदरात पडते, असा त्याचा रोख. काळ १९६६ च्या सुमाराचा. त्याच वर्षी १९ जूनला शिवसेनेची स्थापना झाली. चाळींतील बेकारी, नोकऱ्यांतील डावलणूक आणि भाषेचा अपमान या भावना आधीच साचल्या होत्या. या मुक्तनाट्याने त्यांना हसू आणि शब्द दिले. शिवसेनेच्या आरंभीच्या वातावरणाची चर्चा या खेळाचे नाव घेतल्यावाचून पुरी होत नाही.

१८/
येथेच शाहिराची कसोटी लागते. व्यासपीठावरून विचारलेला प्रश्न सभागृहाबाहेर पडला की त्याचे काय होईल, हे शाहिराच्या हाती राहत नाही. घरमालकावर, कारखानदारावर, सरकारवर उगारलेला कोरडा शेजारच्या खोलीतील परप्रांतीय कारकुनाच्या पाठीवरही पडू शकतो. सत्तरच्या दशकात मुंबईने ते पाहिले. त्याचा सारा दोष एका नाटकावर टाकणे अन्यायाचे ठरेल. पण विनोद निरुपद्रवी असतो, असे म्हणणेही भोळेपणाचे. साबळे पक्षाचे पगारी शाहीर झाले नाहीत. त्यांचे खेळ चालत ते तिकिटावर आणि वर्गणीवर. लोकांच्या मनातले बोलण्याची ताकद आणि लोकांच्या रागामागे वाहत जाण्याचा धोका, या दोन्हींचा उगम त्या एकाच व्यवहारात होता.

१९/
एका माणसाच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या पार्टीत अनेकांचे हात होते. साबळे यांच्या प्रथम पत्नी भानुमती या कवयित्री. संचासाठी त्यांनी गीते रचली. शाहिराच्या प्रसिद्धीच्या उजेडात त्यांचे नाव बराच काळ मागे राहिले. राजा मयेकर यांच्यासारखा अभिजात विनोदी नट या मुक्तनाट्यांतूनच महाराष्ट्राला माहीत झाला. ढोलकीवाले, पेटीवाले, झीलकरी यांपैकी बहुतेकांची नावे तबकडीवर छापली गेली नाहीत. ‘आणि पार्टी’ या दोन शब्दांत ती सगळी माणसे मावली आहेत. लोकसंगीताचा इतिहास लिहिणाऱ्याने या दोन शब्दांपाशी थोडे थांबायला हवे.

२०/
पुढच्या पिढीत या घराण्याचा सूर वेगळीकडे वळला. साबळे यांचे चिरंजीव देवदत्त साबळे संगीतकार झाले. शांता शेळके यांचे शब्द, जयवंत कुलकर्णी यांचा आवाज आणि देवदत्त यांची चाल यांतून ‘ही चाल तुरुतुरू’ हे गीत जन्मले. भावगीताची संथ बैठक सोडून तरुणांच्या ओठांवर खेळणारे हलके मराठी गाणे तयार होत होते, त्यातले हे एक ठळक उदाहरण. मराठीत पॉप संगीत कुठून आले, असे कुणी विचारले तर उत्तर केवळ परदेशी तबकड्यांकडे बोट दाखवून देता येणार नाही. त्याची एक वाट डफ-ढोलकीच्या घरातूनही निघते.

२१/
१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईतील गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. तो रीतसर कधी मिटलाच नाही. गिरण्या हळूहळू बंद पडत गेल्या. कामगार सातारा, सांगली, कोल्हापूर, कोकणाकडे परतले किंवा उपनगरांत विखुरले. गणेशोत्सवात रात्रभर मुक्तनाट्य पाहणारा श्रोता असा एका दशकात पांगला. मंडळांच्या मांडवात व्हिडिओ आला आणि घरात दूरदर्शन. शाहिराला समोर बसणारी माणसेच लागतात. ती उठून गेल्यावर त्याने काय करावे?

२२/
साबळे यांचे उत्तर होते ‘महाराष्ट्राची लोकधारा’. ऐंशीच्या दशकात उभा राहिलेला हा भव्य नृत्यसंगीताचा कार्यक्रम. वासुदेव, पोतराज, वाघ्या-मुरळी, गोंधळी, कोळी नृत्य, धनगरी गजा, मंगळागौर, लावणी अशी महाराष्ट्राची सारी रूपे एका रात्रीत आणि एका रंगमंचावर. शहरात जन्मलेल्या आणि पहाटेचा वासुदेव कधीही न पाहिलेल्या मुलांना हा कार्यक्रम म्हणजे आजोळची ओळख होती. दूरदर्शनमुळे तो महाराष्ट्राबाहेरही पोचला. १९८४ मध्ये साबळे यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि १९९८ मध्ये पद्मश्री मिळाली.

२३/
लोकधारेने काय कमावले आणि काय गमावले, याचा हिशेब दोन्ही बाजूंनी मांडावा लागतो. अनेक कलाप्रकार तिच्यामुळे निदान पाहायला मिळाले, हे खरे. पण पोतराज स्वतःच्या अंगावर आसूड ओढतो तो पोटासाठी आणि श्रद्धेपोटी. मुरळी देवाला वाहिलेली असते, तिच्या आयुष्याला दुःखाची किनार असते. रंगमंचावर, झगमगीत प्रकाशात आणि पाच मिनिटांच्या मापात ही दुःखे गळून पडतात आणि वेशभूषा उरते. मुक्तनाट्यातला शाहीर विचारत असे, ‘असे का?’ लोकधारेतला शाहीर म्हणू लागला, ‘असे होते.’ जतनाचे काम मोलाचे आहे. मात्र प्रश्न विचारणाऱ्या कलेला जतनाची पाळी येते, तेव्हा तिचा श्रोता हरवलेला असतो.

२४/
तरीही पार्टी नुसते संग्रहालय झाली नाही. ती शाळा झाली. नातू केदार शिंदे, तसेच अंकुश चौधरी, भरत जाधव हे पुढे नावारूपाला आलेले कलावंत लोकधारेच्या संचात तयार झाले. समूहात उभे राहणे, ताल धरून बोलणे, प्रेक्षकांचा श्वास ओळखणे हे त्यांनी तेथे आत्मसात केले. नव्वदच्या दशकानंतर मराठी व्यावसायिक रंगभूमीवर जो वेगवान, गाता-नाचता विनोद आला, त्याची मुळे या तालमींत सापडतात. केदार शिंदे यांनी आजोबांवर काढलेला ‘महाराष्ट्र शाहीर’ हा चित्रपट एप्रिल २०२३ मध्ये, राज्यगीताच्या मानानंतर दोनच महिन्यांनी प्रदर्शित झाला. शाहिराची भूमिका अंकुश चौधरी यांनी केली.

२५/
शाहीर साबळे यांचे २० मार्च २०१५ रोजी मुंबईत निधन झाले. त्यांच्या आत्मचरित्राचे नाव ‘माझा पवाडा’. पोवाडा नेहमी दुसऱ्याचा असतो: वीराचा, राजाचा, लढाईचा. स्वतःच्या आयुष्याला हे नाव देण्यात थोडा मिश्किलपणा आहे आणि थोडा हक्कही. ज्याने आयुष्यभर इतरांचे पराक्रम गायले त्याच्या वाट्याला चाळ, प्रवास, उधारी, पडलेले खेळ आणि भरलेली मैदाने आली. तीही गाण्याच्या योग्यतेची आहेत, असा तो दावा.

२६/
आता मूळ प्रश्नाकडे. राज्यगीत झाल्याने साबळे यांचा आवाज सरकारी झाला काय? शासनाने दोन चरण निवडले, वेळ ठरवली, ते कधी आणि कसे वाजवावे याचे नियम केले. तो शासनाचा अधिकार आहे. परंतु या आवाजामागे पसरणीच्या देवळाचे उघडलेले दार आहे, गिरणगावची खोली आहे आणि यमाच्या दरबारात उभे राहून राज्यकर्त्यांना विचारलेला जाब आहे. सावधान उभे राहून केवळ गौरव ऐकायचा आणि जाब विसरायचा, तर ते अर्ध्याच शाहिराचे स्मरण ठरेल. त्याच्या मुक्तनाट्यांच्या संहिता, तबकड्या आणि प्रयोगांच्या आठवणी जमवणे हे राज्यगीत म्हणण्याइतकेच निकडीचे काम आहे, कारण त्या पाहिलेले प्रेक्षक आता सत्तरी-ऐंशीत आहेत. वाई, कऱ्हाड, इस्लामपूर, तासगावच्या घराघरांत गिरणीतून परतलेली ही माणसे अजून आहेत. ‘आंधळं दळतंय’ पाहिले होते का, एवढे त्यांना विचारले तरी इतिहासाचे पुष्कळ साधन हाती लागेल.